छेद वेगळे असतील तर बेरीज कशी करायची: इंदूरच्या मराठी पालकांसाठी

पाचवी-सहावीत मुलाचं गणित एकाएकी बिघडलं असं वाटतं, तेव्हा बहुतेक वेळा ते एकाच जागी अडकलेलं असतं. छेद सारखे असेपर्यंत सगळं सुरळीत चालतं, २/७ + ३/७ = ५/७. मग १/२ + १/३ समोर येतं आणि मूल २/५ लिहून मोकळं होतं. बाई काट मारतात, मूल हिरमुसतं, आणि घरी 'तुझं लक्ष नसतं' सुरू होतं. लक्ष असतं हो. त्याला अजून छेद म्हणजे काय हेच नीट कळलेलं नसतं.

मी इंदूरला घरीच मुलांना गणित शिकवते. आधी माझ्या मुलीला शिकवलं, मग आजूबाजूची मुलं येऊ लागली. बरीचशी मराठी घरांतली, शाळा हिंदी किंवा इंग्रजी माध्यमाची. काही पुण्या-नागपूरहून आईवडिलांच्या बदलीने इथे आलेली. त्यांच्या पालकांना मी जे तोंडी सांगत आले, ते इथे क्रमाने लिहिते आहे. मुलाला शेजारी बसवून वाचा, आणि सगळं एका बैठकीत संपवायची घाई करू नका.

आधी हे जमवून ठेवा

- चौकटीची वही. खजुरी बाजारात कुठेही मिळेल. मोठ्या चौकटींची घ्या, रंगवायला सोपी जाते.
- दोन वेगळ्या रंगांच्या पेन्सिली.
- स्वयंपाकघरातले मापाचे कप, ज्यांवर १/२, १/३, १/४ लिहिलेलं असतं.
- बारापर्यंतचे पाढे तोंडपाठ. हे कच्चं असेल तर आधी पाढेच घ्या, अपूर्णांक नंतर. पाढा आठवण्यातच मुलाचा जीव जात असेल तर नवीन रीत त्याच्या डोक्यात शिरायला जागाच उरत नाही.

आणि शब्दांची जुळवाजुळव. तुम्ही 'अंश' आणि 'छेद' म्हणता. हिंदी माध्यमात अंश अंशच राहतो, छेदाला 'हर' म्हणतात, अपूर्णांकाला 'भिन्न'. आपला लसावि, म्हणजे लघुतम साधारण विभाज्य, तिथे 'लघुत्तम समापवर्त्य' होतो, इंग्रजी शाळेत 'एलसीएम'. तुम्ही 'तीन छेद चार' वाचता, मूल 'तीन बटा चार' वाचतं. वहीच्या पहिल्या पानावर हे शब्द समोरासमोर लिहून चिकटवा. मुलाचे शब्द खोडून आपले लादू नका, कारण परीक्षेत त्याला त्याच्याच शब्दांत प्रश्न येणार आहे.

पायरी १: पहिल्या दिवशी पेन्सिल नको

घरात आजी-आजोबा असतील तर त्यांना बसवा. त्यांनी पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, म्हणजे पाव, अर्धा, पाऊण, सव्वा, दीड यांचे पाढे, पाठ केलेले असतात. त्यांना विचारा, दीड आणि सव्वा किती? क्षणात उत्तर येईल, पावणेतीन. अडीच आणि पाऊण? सव्वातीन. सव्वा आणि पाऊण? दोन.

मग मुलाला विचारा. इंदूरचं मूल बाजारात 'सवा', 'डेढ़', 'पौने तीन' ऐकतच वाढतं, त्यामुळे थोडं अडखळत का होईना, तेही सांगतं. आता त्याला दाखवून द्या, दीडमधला अर्धा आणि सव्वामधला पाव यांचे छेद वेगळे होते, २ आणि ४, तरी बेरीज झाली. कशी झाली? अर्ध्याचे मनातल्या मनात दोन पाव केले. पुढच्या सगळ्या पायऱ्यांमध्ये हेच काम आहे, फक्त आकडे थोडे अडचणीचे होतात.

पायरी २: छेद हा तुकड्याचा आकार आहे, हे डोळ्यांनी दिसू द्या

वहीत दोन आयत काढा. प्रत्येकात ३ आडव्या ओळी आणि ४ उभे रकाने, म्हणजे १२ चौकटी. पहिल्या आयतात एक आडवी ओळ रंगवायला सांगा. तीन ओळींपैकी एक, म्हणजे १/३. दुसऱ्यात एक उभा रकाना दुसऱ्या रंगाने. चारांपैकी एक, म्हणजे १/४.

आता चौकटी मोजायच्या. ओळीत ४ आहेत, रकान्यात ३. म्हणजे १/३ हेच ४/१२ आणि १/४ हेच ३/१२. दोन्ही तुकडे आता एकाच मापाचे झाले, ४ आणि ३ मिळून ७, म्हणून ७/१२.

इथे एक सापळा आहे, जपा. पुष्कळ पालक एकाच आयतात ओळ आणि रकाना दोन्ही रंगवायला लावतात. मग जिथे ती एकमेकांना छेदतात ती चौकट दोनदा रंगते, मूल रंगीत चौकटी मोजतं आणि ६ म्हणतं. त्याचं मोजणं बरोबर आहे, आपलं चित्र चुकलेलं आहे. म्हणून आयत नेहमी दोन.

याच पायरीवर २/५ चा घोळही मिटवून टाका. १/२ + १/३ = २/५ लिहिणाऱ्या मुलाला एवढंच विचारा, २/५ अर्ध्यापेक्षा मोठं की लहान? पाच भागांतले अडीच म्हणजे अर्धा, तेव्हा २/५ अर्ध्याहून कमी. अर्ध्यात आणखी काही घातलं आणि ते अर्ध्याहून कमी झालं, हे कसं शक्य आहे? मुलं इथे थबकतात. त्यांना थबकू द्या, लगेच उत्तर सांगू नका.

पायरी ३: सममूल्य अपूर्णांक पक्के करा, भले आठवडा लागो

माझ्या मते सगळ्यात जास्त वेळ इथे द्यायला हवा, आणि शाळेत सगळ्यात कमी मिळतो तोही इथेच. शाळेत धडा भराभर लसाविवर जातो. लसावि काढणं मुलाला जमतंही. पण लसावि मिळाल्यावर अंशाचं काय करायचं ते कळत नाही, म्हणून ३/४ + १/६ साठी छेद १२ आणून वर ३ + १ = ४ लिहिलं जातं. छेद बदलला, अंश तसाच राहिला.

नियम एकच. छेदाला ज्या संख्येने गुणलं, अंशालाही त्याच संख्येने गुणायचं. तो का, हे वहीत दाखवा. एक पट्टी चार समान भागांत वाटून तीन भाग रंगवा, ३/४ झालं. आता प्रत्येक भागात दोन उभ्या रेघा मारून त्याचे तीन-तीन तुकडे करा. एकूण तुकडे चाराचे बारा झाले, आणि रंगवलेले तीनाचे नऊ. रंग कमी-जास्त झालेला नाही. म्हणून ३/४ = ९/१२.

रोज थोडे तोंडी प्रश्न विचारा, २/३ म्हणजे किती पंधरांश? ५/६ म्हणजे किती चोविसांश? मूल आधी 'तीनाचे पंधरा कसे झाले, पाचने गुणून' असं म्हणेल आणि मग वरच्या २ लाही पाचने गुणेल. हा क्रम जिभेवर बसला पाहिजे. तो बसल्याशिवाय पुढे जाऊ नका, शाळा पुढे गेली असली तरी.

पायरी ४: सराफ्यातली मापं वापरा

आपल्या शहरात सराफा आहे, त्याचा फायदा घ्या. रात्री मुलं तिथे खायला जातात, पण दिवसा तिथे सोनं तोललं जातं. आता हिशेब ग्रॅममध्ये होतो, तरी घरातली मोठी माणसं अजून तोळा-मासा बोलतात. १ तोळा म्हणजे १२ मासे, १ मासा म्हणजे ८ गुंजा, म्हणजे तोळ्याच्या ९६ गुंजा.

मुलाला सांगा, एक अंगठी १/३ तोळ्याची आहे आणि एक १/४ तोळ्याची. मिळून किती? तोळ्यांत सांगता येईना, तर माशांत उतरव. ४ मासे आणि ३ मासे, ७ मासे. तोळ्याचे १२ मासे, म्हणून ७/१२ तोळा. चित्रातलंच उत्तर वजनातून आलं.

आता थोडं अवघड, १/८ तोळा आणि १/६ तोळा. माशांत करायला गेलं तर १/६ चे २ मासे नीट येतात, पण १/८ चे दीड मासे होतात, कारण १२ ला ८ ने पूर्ण भाग जात नाही. मग गुंजांत उतरायचं. १/८ तोळा म्हणजे १२ गुंजा, १/६ तोळा म्हणजे १६ गुंजा. एकूण २८ गुंजा, २८/९६, संक्षिप्त करून ७/२४.

समान छेद शोधणं म्हणजे नेमकं काय, ते इथे स्पष्ट होतं. असं लहान माप शोधायचं, ज्यात दोन्ही वजनं पूर्ण संख्येत बसतील. ९६ ने काम झालंच, पण २४ नेही झालं असतं, ३/२४ + ४/२४ = ७/२४. सगळ्यांत लहान संख्या २४ आहे, आणि तिलाच लसावि म्हणतात. लसावि हा शब्द मी मुलांसमोर पहिल्यांदा इथे उच्चारते, आधी नाही.

पायरी ५: समान छेद कसा निवडायचा

दोन्ही छेदांकडे आधी नीट बघायला शिकवा. तीनच प्रकार संभवतात.

पहिला, मोठा छेद लहान छेदाच्या पाढ्यात आहे. १/४ + ३/८. चारच्या पाढ्यात आठ येतो, तेव्हा ८ च समान छेद. २/८ + ३/८ = ५/८. फक्त एकच अपूर्णांक बदलावा लागतो, दुसऱ्याला हात लावायचा नाही.

दुसरा, छेदांमध्ये १ सोडून काहीच समान नाही. २/३ + १/५. सरळ गुणाकार, १५. १०/१५ + ३/१५ = १३/१५.

तिसऱ्या प्रकारात मुलं गळतात. ५/१२ + ७/१८. दोघांत काहीतरी समान आहे, पण एक दुसऱ्याच्या पाढ्यात नाही. गुणाकार केला तर २१६ येतो आणि ९०/२१६ + ८४/२१६ = १७४/२१६ असा डोंगर उभा राहतो. उत्तर चूक नाही, पण तो डोंगर उतरताना चुका होतात. त्यापेक्षा मोठ्या छेदाचा पाढा म्हणायचा आणि लहान छेदाने भाग जाणारी पहिली संख्या आली की थांबायचं. अठरा, नाही. छत्तीस, बाराने भाग जातो, थांबा. १५/३६ + १४/३६ = २९/३६.

याच प्रकारासाठी आणखी एक सुंदर रीत आहे आणि ती फार जुनी आहे. भास्कराचार्यांनी ११५० च्या सुमारास लीलावतीत समच्छेद करण्याच्या दोन रीती दिल्या. एक म्हणजे एकमेकांच्या छेदांनी गुणा. दुसरी म्हणजे छेदांमधला समान विभाजक आधी काढून टाका, जे उरेल त्याने अदलाबदल करून गुणा. १२ आणि १८ मध्ये ६ समान. १२ मधून ६ काढला की २ उरतो, १८ मधून काढला की ३. आता ५/१२ ला ३ ने गुणा, १५/३६. ७/१८ ला २ ने गुणा, १४/३६. लसावि वेगळा शोधावाच लागला नाही. पाढे पक्के असलेल्या मुलांना ही रीत इतकी आवडते की ती पुन्हा दुसरी वापरत नाहीत.

शाळेत भागाकाराची उभी रीत शिकवतात, संख्या आडव्या मांडून मूळ संख्यांनी भागत जायची. तीन-चार छेद असतील तर ती चांगली. दोनच छेद असतील तर मला ती जड वाटते.

सापळा: लसावि आणि मसावि (दोन्ही संख्यांना जिने भाग जातो अशी सगळ्यात मोठी संख्या) यांची गल्लत. समान छेद निदान मोठ्या छेदाइतका तरी असलाच पाहिजे. १२ आणि १८ साठी मूल ६ म्हणालं, तर त्याने मसावि काढलाय.

पायरी ६: मांडणी

परीक्षेत गुण मांडणीला मिळतात, म्हणून एका ओळीत एकच काम. पहिल्या ओळीत प्रश्न. दुसरीत प्रत्येक अपूर्णांक कशाने गुणला ते, खाली आणि वर दोन्हीकडे लिहून. तिसरीत समान छेदाचे अपूर्णांक. चौथीत बेरीज. पाचवीत संक्षिप्त रूप. दुसरी ओळ गाळायची नाही. अंश बदलायचा राहून जातो तो तिथेच.

लसावि घेतला की संक्षिप्त रूप आपोआप मिळतं, असा समज मुलांमध्ये आढळतो. तसं नाही. १/६ + ३/१० बघा. लसावि ३०. ५/३० + ९/३० = १४/३०, आणि हे अजून ७/१५ व्हायचं आहे.

सहावीच्या नव्या एनसीईआरटी पुस्तकात ही रीत ब्रह्मगुप्तांच्या नावाने दिली आहे. त्यांचा ग्रंथ इ.स. ६२८ चा. टप्पे हेच, आधी समान छेद, मग बेरीज, मग संक्षिप्त रूप. मूल 'ब्रह्मगुप्तवाली विधि' म्हणालं तर गोंधळून जाऊ नका.

पायरी ७: पूर्णांकयुक्त अपूर्णांक

२ पूर्णांक ३/४ आणि १ पूर्णांक ५/६. शाळेत आधी ११/४ आणि ११/६ करायला लावतात. चालतं, पण आकडे उगाच मोठे होतात. मी पूर्णांक वेगळे मिळवायला सांगते, २ + १ = ३. मग ९/१२ + १०/१२ = १९/१२ = १ पूर्णांक ७/१२. शेवटी ३ आणि १ मिळून ४ पूर्णांक ७/१२.

१९/१२ मधला १ पुढे न्यायला मुलं विसरतात, किंवा ३ पूर्णांक १९/१२ असंच ठेवतात. आजीच्या भाषेत तपासा, पावणेतीन आणि पावणेदोनहून थोडं जास्त, म्हणजे साडेचारहून थोडं जास्त. ४ पूर्णांक ७/१२ तिथेच बसतं. असा अंदाज प्रत्येक उदाहरणाच्या आधी करून घ्या. त्याला अर्धं मिनिट लागतं.

पायरी ८: 'फुलपाखरू' रीत कधी

शिकवण्यांमध्ये तिरकस गुणाकाराची रीत चालते, दोन्ही अपूर्णांकांभोवती पंख काढून. दोन अपूर्णांकांना ती बरोबर उत्तर देते, कारण तीच भास्कराचार्यांची पहिली रीत आहे. पण ती आधी शिकलेलं मूल का गुणतोय हे सांगू शकत नाही. त्यात तीन अपूर्णांक आले की पंख कुठे काढायचे ते कळत नाही. २/३ + ३/४ + ५/८ घ्या. लसावि २४, मग १६ + १८ + १५ = ४९, म्हणजे २ पूर्णांक १/२४. ज्याला समान छेद कळला त्याला इथे नवीन काहीच शिकावं लागत नाही. दुसरी भीती अशी की पुढच्या धड्यात अपूर्णांकांचा गुणाकार येतो आणि मग ती मुलं तिथेही तिरकस गुणतात. म्हणून पायऱ्या १ ते ७ झाल्याशिवाय फुलपाखरू नको.

शाब्दिक उदाहरणांत एक शब्द शोधायला शिकवा

टाकीत १/४ पाणी होतं. नर्मदेचं पाणी आलं तेव्हा आणखी २/५ टाकी भरली. एकूण? ५/२० + ८/२० = १३/२०.

आता हेच असं विचारलं, नर्मदेचं पाणी आलं तेव्हा रिकाम्या भागाचा २/५ भरला. रिकामा भाग ३/४, त्याचा २/५ म्हणजे ६/२०. मिळून ११/२०. 'रिकाम्या भागाचा', 'उरलेल्याचा', हिंदीत 'शेष का', असे शब्द दिसले की आधी गुणाकार, मग बेरीज. मुलाला त्या शब्दाखाली रेघ मारायची सवय लावा.

घरी तपासायला पाच उदाहरणं

बरोबर उत्तरासोबत नेहमीची चुकीची उत्तरंही देते, म्हणजे कुठल्या पायरीवर परत जायचं ते तुम्हाला कळेल.

१. २/५ + १/१० = १/२. उत्तर ३/१५ किंवा १/५ आलं तर अंशात अंश आणि छेदात छेद मिळवलाय. पायरी २ पुन्हा, रंग घेऊन.

२. ३/४ + १/६ = ११/१२. २२/२४ आलं तर रीत बरोबर आहे, छेदांचा गुणाकार करून संक्षिप्त रूप राहिलंय. ४/१२ आलं तर अंश बदललेला नाही, पायरी ३.

३. ५/९ + ७/१२ = ४१/३६ = १ पूर्णांक ५/३६. समान छेद ३ घेतला असेल तर मसाविची गल्लत आहे, पायरी ५.

४. १ पूर्णांक २/३ + २ पूर्णांक ३/५ = ४ पूर्णांक ४/१५. ३ पूर्णांक ४/१५ आलं तर एक पुढे न्यायचा राहिला, पायरी ७.

५. १/२ + १/५ + ३/१० = १. मूल १०/१० लिहून थांबलं तर त्याला विचारा, दहा समान तुकड्यांतले दहाही घेतले, मग मागे काय उरलं?